माइनक्राफ्टमध्ये सगळी भावंडं एकाच जगात कशी आणायची?

प्रश्न फोंड्याच्या एका ताईंचा आहे. मुलगा सातवीत, लॅपटॉपवर माइनक्राफ्ट खेळतो. चुलतभावंडं डिचोलीला, मडगावला आणि एक पुण्याला. पुण्याचा सोडला तर सगळी फोनवर खेळणारी. चवथीला पेडण्याच्या मूळ घरी सगळी जमली, एकमेकांच्या जगात शिरायची बरीच खटपट केली, पण जमलं नाही. आता आपापल्या घरी परतल्यावरही तीच रड चालू आहे. ‘काही विकत घ्यावं लागेल का? आणि अनोळखी माणसं आत येण्याची भीती किती?’ असं त्यांनी विचारलंय. मी म्हापशात नेटवर्किंगची कामं करतो आणि ओळखीच्या मुलांचा एक सर्व्हर (सगळ्यांसाठी खेळाचं जग चालू ठेवणारा संगणक) बरीच वर्षं सांभाळतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

ताई, विकत घ्यायचं मागाहून बघू. आधी दोन गोष्टी विचारून घ्या. कोणाकडे कुठला माइनक्राफ्ट आहे, आणि ते जग कोणाच्या यंत्रावर राहणार आहे. माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या आठ तक्रारी या दोन प्रश्नांपाशीच मिटतात. मुलं मात्र हे सोडून राउटर बंद-चालू करत बसतात.

माइनक्राफ्ट एक नाही, दोन आहेत. जावा एडिशन फक्त संगणकावर चालते. बेडरॉक एडिशन फोन, टॅबलेट, विंडोज, प्लेस्टेशन, एक्सबॉक्स, निन्टेन्डो स्विच अशा सगळ्यांवर चालते. दिसायला सारख्या असल्या तरी दोन्ही आतून वेगवेगळ्या लिहिलेल्या आहेत आणि एकमेकींशी बोलत नाहीत. तुमचा मुलगा लॅपटॉपवर बहुधा जावा खेळतोय, कारण यूट्यूबवर सगळे तेच दाखवतात. फोनवाल्या भावंडांकडे बेडरॉकशिवाय दुसरं काही असूच शकत नाही. म्हणजे चवथीला ती सगळी एका वाय-फायवर बसली असती तरी एकमेकांना दिसली नसती.

यात तुमच्यासाठी एक चांगली बातमी आहे. जून २०२२ पासून संगणकासाठी हा खेळ घेतला की जावा आणि बेडरॉक दोन्ही एकत्र मिळतात. मुलाच्या लॅपटॉपवर माइनक्राफ्ट लाँचर उघडा आणि डावीकडची यादी बघा. तिथे ‘जावा एडिशन’च्या जोडीला ‘माइनक्राफ्ट फॉर विंडोज’ किंवा ‘बेडरॉक’ असं दिसलं, तर पैसे खर्च न करता निम्मं काम झालं. ते इन्स्टॉल करायचं आणि भावंडांबरोबर खेळताना ते उघडायचं. एकट्याने खेळायला जावा आहेच.

‘पण माझं जुनं जग?’ हा त्याचा पहिला प्रश्न असणार. जावातलं जग बेडरॉकमध्ये तसंच्या तसं उघडत नाही. चंकर नावाचं मोफत साधन ते बदलून देतं आणि बांधकाम बहुतेक ठीक येतं. रेडस्टोनची (खेळातल्या विजेवर चालणारी) यंत्रं मात्र बिघडू शकतात, कारण दोन्ही आवृत्त्यांत रेडस्टोनचे नियम थोडे वेगळे आहेत. त्याने मोठी स्वयंचलित शेती वगैरे केली असेल तर हे आधीच सांगून ठेवा, नाहीतर त्या दिवशी घरात जेवणार कोणी नाही.

आता सगळी एकाच घरात असतानाचं बघू. फोनवर जगांच्या यादीत नावाशेजारी पेन्सिलचं चिन्ह असतं. ते दाबून मल्टिप्लेअर विभागात जायचं आणि ‘मल्टिप्लेअर गेम’ व ‘व्हिजिबल टू लॅन प्लेअर्स’ (लॅन म्हणजे घरातल्या घरातलं नेटवर्क) ही दोन्ही बटणं चालू करायची. त्यानंतर ज्याचं जग त्याने आत जाऊन उभं राहायचं. बाकीच्यांना आपापल्या यादीत ते आपोआप दिसतं. फोन असो वा लॅपटॉप, अशा घरगुती जगात साधारण आठ जण मावतात. सगळ्यांची आवृत्ती मात्र सारखी हवी. एकाच्या जुन्या फोनमध्ये जागा नाही म्हणून प्ले स्टोअरवरून अपडेट झालेला नसतो आणि तो एकटाच बाहेर राहतो. आयफोन असेल तर त्याच्या सेटिंगमध्ये माइनक्राफ्टला ‘लोकल नेटवर्क’ची परवानगी दिलेली आहे का, तेही बघा. पहिल्यांदा विचारलं तेव्हा घाईत ‘नको’ दाबलेलं असतं आणि नंतर कोणाला आठवत नाही.

हे सगळं बरोबर असूनही दिसत नसेल, तर मला संशय घराचाच येतो. आपल्याकडच्या मूळ घरांत चिऱ्यांच्या जाड भिंती. पुढच्या सोप्यातल्या राउटरची रेंज राजांगण ओलांडून मागच्या खोल्यांपर्यंत पोचत नाही, म्हणून कोणीतरी मागे दुसरा राउटर लावून दिलेला असतो. त्याला वायर पहिल्या राउटरची, पण तो स्वतःचं वेगळं नेटवर्क चालवत असतो. इंटरनेट दोन्हीकडे छान चालतं, त्यामुळे कोणाला शंका येत नाही. तपासायला दोन मिनिटं पुरतात. पुढच्या खोलीतल्या फोनच्या वाय-फाय तपशिलात आयपी पत्ता (त्या फोनचा नेटवर्कवरचा क्रमांक) बघा, मग मागच्या खोलीतल्या फोनचा बघा. एक १९२.१६८.१ ने सुरू होतोय आणि दुसरा १९२.१६८.० ने, असं दिसलं की कारण सापडलं. लॅनवरचं जग शोधण्याची हाक ही भिंत ओलांडत नाही. सगळ्या मुलांना एकाच खोलीत, एकाच वाय-फायवर बसवा. कायमचा उपाय हवा असेल तर दुसरा राउटर ‘ॲक्सेस पॉइंट मोड’वर टाकून घ्या, म्हणजे तो वेगळं नेटवर्क न चालवता पहिल्याचंच पुढे पसरवेल; नेट जोडून देणारा माणूस ते करून देईल. काही राउटरचं ‘गेस्ट’ वाय-फायही जोडलेल्या फोनना एकमेकांपासून मुद्दाम वेगळं ठेवतं. मुलांना पासवर्ड द्यायचा नाही म्हणून तेच दिलेलं असतं. वाय-फायचा काहीच मेळ बसत नसेल तर एका फोनचा हॉटस्पॉट चालू करून सगळ्यांना त्यावर घ्या. घरातल्या घरात खेळायला त्यावर डेटा फारसा जात नाही.

दोन लॅपटॉपवर जावाच खेळायचं असेल तर जग उघडून एस्केप दाबायचं आणि ‘ओपन टू लॅन’ निवडायचं. चॅटमध्ये एक पोर्ट क्रमांक (त्या लॅपटॉपमध्ये शिरायच्या दाराचा नंबर) येतो, तो लिहून ठेवा. दुसऱ्याला जग आपोआप दिसलं नाही तर ‘डायरेक्ट कनेक्शन’मध्ये पहिल्या लॅपटॉपचा आयपी, मग अपूर्णविराम, मग तो क्रमांक टाकायचा. तरीही आडलं, तर विंडोजने ते वाय-फाय ‘पब्लिक’ म्हणून नोंदवलेलं असण्याची शक्यता जास्त. नेटवर्क सेटिंगमध्ये ते ‘प्रायव्हेट’ करा आणि फायरवॉलने (बाहेरून येणारं अडवणाऱ्या विंडोजच्या पहारेकऱ्याने) जावाबद्दल विचारलं तर परवानगी द्या. फायरवॉलच बंद करून टाका असा सल्ला कोणी दिला तर ऐकू नका.

इथे पडद्यावरच्या संदेशांबद्दल सांगतो, कारण मुलं ते न वाचताच बंद करतात. जावात ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ आलं, तर बहुतेक वेळा पलीकडचं यंत्र सापडलेलं असतं, पण त्या पोर्टवर कोणी ऐकत नसतं. म्हणजे जग उघडलेलं नाही किंवा क्रमांक चुकला. ‘टाइम्ड आउट’ आलं तर निरोप तिथवर पोचलाच नाही किंवा वाटेत गिळला गेला; मग राउटर आणि फायरवॉल बघायचे. ‘अननोन होस्ट’ म्हणजे पत्ता लिहिताना चूक. आणि लहान मुलांच्या बाबतीत हमखास येणारा संदेश असा, की तुमच्या मायक्रोसॉफ्ट खात्याच्या रचनेमुळे ऑनलाइन मल्टिप्लेअर खेळता येणार नाही. यात बिघाड काही नसतो. खात्यात मुलाचं खरं वय घातलेलं असलं की मायक्रोसॉफ्ट पालकाची परवानगी मागतं. तुमच्या खात्यातून फॅमिली आणि एक्सबॉक्सच्या प्रायव्हसी सेटिंगमध्ये जाऊन मल्टिप्लेअरला परवानगी द्यावी लागते. पुष्कळ लोक कंटाळून मुलाचं वय अठराच्या वर टाकून नवीन खातं उघडतात. तसं करू नका. अनोळखी माणसाने संदेश पाठवू नये, मित्र कोण होतंय ते तुम्हाला कळावं, या सगळ्या सोयी त्या खऱ्या वयावरच टेकलेल्या आहेत.

आता फोंडा, डिचोली, मडगाव अशी वेगवेगळी घरं. बेडरॉकमध्ये हे सोपं आहे. प्रत्येकाचं मायक्रोसॉफ्ट खातं हवं, एकमेकांना मित्र म्हणून जोडलेलं हवं आणि जगाच्या सेटिंगमध्ये मित्रांना प्रवेश चालू हवा. मग मित्राच्या नावाखाली त्याचं जग दिसतं. राउटरला सहसा हात लावावा लागत नाही. मर्यादा एकच. जग ज्याच्या यंत्रावर, तो खेळत असेल तोवरच ते उघडं. त्याला आईने जेवायला बोलावलं आणि त्याने खेळ बंद केला, की सगळे एकदम बाहेर. भावंडांच्या भांडणाचं मूळ मी पाहिलंय ते बहुतेक इथेच असतं, खेळात कोणी कोणाला मारलं यात नाही.

जावाचं जग घरून उघडायचं म्हणजे जरा तांत्रिक काम. जावा सर्व्हरचा ठरलेला पोर्ट २५५६५. राउटरमध्ये तो तुमच्या संगणकाकडे वळवायचा, त्याला पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात, आणि आपला सार्वजनिक (इंटरनेटवर बाहेरच्यांना दिसणारा) आयपी भावंडांना द्यायचा. व्हिडिओत एवढंच सांगतात. आपल्याकडे अडतं ते पुढे. जुन्या पद्धतीचे आयपी पत्ते जगभरात मिळून सुमारे ४३० कोटी आहेत आणि ते केव्हाच पुरेनासे झाले. म्हणून नेट देणाऱ्या बऱ्याच कंपन्या एकाच सार्वजनिक पत्त्यामागे अनेक घरं ठेवतात. तुम्ही राउटरमध्ये कितीही पोर्ट उघडा, बाहेरचा निरोप कंपनीच्या यंत्रापाशीच थांबतो, कारण तो कुठल्या घराचा हे त्याला ठाऊक नसतं. ओळखायचं असं: राउटरच्या पानावर ‘वॅन आयपी’ (राउटरला बाहेरून मिळालेला पत्ता) बघा आणि ब्राउझरमध्ये ‘माझा आयपी काय’ असं विचारून येणारा पत्ता बघा. दोन्ही वेगळे असले, किंवा वॅनचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ या पट्ट्यातला असला, तर पोर्ट फॉरवर्डिंगवर संध्याकाळ घालवू नका. तो पट्टा २०१२ साली खास याच कामासाठी राखून ठेवलाय.

मग मार्ग दोन-तीन उरतात. स्थानिक नेटवाल्याकडे स्टॅटिक आयपी, म्हणजे फक्त तुमचा असा न बदलणारा सार्वजनिक पत्ता, मागायचा. तो वेगळे पैसे घेतो. नाहीतर प्लेइटसारखं टनेल वापरायचं. तुमचा संगणक स्वतः बाहेर जाऊन त्यांच्या सर्व्हरशी जोडून घेतो आणि भावंडं त्यांनी दिलेल्या पत्त्यावर येतात. किंवा टेलस्केल. ते सगळ्यांच्या यंत्रांत टाकलं की सगळी जणू एकाच घरातल्या नेटवर्कवर येतात. तिथे प्रत्येकाला मिळणारा पत्ता त्याच १००.६४ च्या पट्ट्यातला असतो, तेव्हा तो बघून पुन्हा घाबरू नका. ओळखीची चार-पाच जणं असतील तर माझी पसंती टेलस्केललाच. बाहेरच्या जगाला दार दिसतच नाही.

जग जावाचंच ठेवायचं आणि फोनवाल्यांनाही आत घ्यायचं, हेही होतं. त्यासाठी सर्व्हरवर गायझर नावाचं प्लगइन (सर्व्हरला जोडायचा छोटा प्रोग्राम) टाकतात. ते बेडरॉकची भाषा जावाला समजावून देतं. सोबत फ्लडगेट टाकलं तर फोनवाल्यांना जावाचं वेगळं खातं लागत नाही. यात लोक अडकतात ते पोर्टवर. जावा टीसीपी २५५६५ वर चालतं, बेडरॉक यूडीपी १९१३२ वर (टीसीपी आणि यूडीपी या डेटा पाठवायच्या दोन वेगळ्या पद्धती). पहिलाच उघडलेला असतो, लॅपटॉपवाले आत जातात, फोनवाले बाहेर, आणि खापर गायझरच्या डोक्यावर फुटतं.

हे सगळं करायला जुना संगणक कायमचा चालू ठेवावा का? मुलगा हट्ट करेल. ठेवता येतो. चार-पाच मुलांसाठी सर्व्हरला दोन-तीन जीबी मेमरी पुरते. प्रोसेसरला कोअर किती यापेक्षा एकेक कोअर किती वेगवान हे महत्त्वाचं, कारण खेळाचा मुख्य हिशोब एका वेळी एकाच कोअरवर चालतो. माइनक्राफ्टचं जग सेकंदाला २० ठोके टाकतं, म्हणजे एका ठोक्याला ५० मिलिसेकंद. त्यात काम आटपलं नाही की सर्व्हरच्या काळ्या खिडकीत ‘कान्ट कीप अप’ अशी ओळ येते. तेवढ्यात कोणीतरी ‘नेट स्लो आहे’ म्हणून ओरडतो. नेटचा त्यात काही दोष नसतो. सगळ्यात जास्त दमवणारं काम म्हणजे नवीन प्रदेश तयार करणं. एक मुलगा एलिट्रा (खेळातले पंख) लावून सुसाट उडत निघाला की बाकीच्यांच्या गाई जागच्या जागी थिजतात. म्हणून मूळ सर्व्हरऐवजी पेपर नावाचं हलकं सर्व्हर सॉफ्टवेअर वापरा, चंकी नावाच्या प्लगइनने ठरावीक अंतरापर्यंतचा प्रदेश रात्रीच तयार करून ठेवा आणि जगाला सीमा घाला. ‘व्ह्यू डिस्टन्स’ (किती लांबचं दिसतं) मुळात १० असतो, तो सहा-सातवर आणा; ‘सिम्युलेशन डिस्टन्स’ (किती लांबचं हलतं-वाढतं) त्याहून कमी. मुलांना फरक कळत नाही. आणखी एक, नवीन आवृत्त्यांच्या सर्व्हरला संगणकावर जावा २१ किंवा त्यापुढचं लागतं (इथे जावा म्हणजे खेळ नव्हे, तो चालवणारं सॉफ्टवेअर). जुनं असलं तर सर्व्हर सुरूच होत नाही आणि खिडकी लुकलुकून बंद होते.

पण खरी अडचण पावसाळ्याची. जून ते सप्टेंबर करंट कधी जाईल सांगता येत नाही, आणि जग सेव्ह होत असतानाच गेला तर त्या भागाची फाइल मोडू शकते. घरच्या इन्व्हर्टरवर भिस्त ठेवू नका. बरेच इन्व्हर्टर बदलताना इतका वेळ घेतात की पंख्याला कळत नाही, संगणक मात्र बंद होऊन पुन्हा सुरू होतो. मध्ये छोटा यूपीएस हवा, आणि नेटच्या डब्यालाही तोच आधार द्या. विजा कडाडायला लागल्या की सर्व्हर नीट बंद करून सगळं प्लगमधून काढलेलं बरं. बॅकअपसाठी सर्व्हर थांबवून ‘वर्ल्ड’ने सुरू होणारे सगळे फोल्डर आठवड्यातून एकदा पेनड्राइव्हवर तारखेसकट कॉपी करायचे. चालू सर्व्हरवर कॉपी केली तर अर्धवट फाइली येतात. आमच्या सर्व्हरवर मुलांनी मंगेशीची सात मजली दीपमाळ पांढऱ्या काँक्रीटमध्ये उभारली आहे, खिडक्यांच्या कमानींसकट. तसलं काम उडालं तर त्याची भरपाई कोण करणार?

सुरक्षेचं बघू. उघड्या पत्त्यावरचे माइनक्राफ्ट सर्व्हर शोधत फिरणारे बॉट रात्रंदिवस चालू असतात. पत्ता कोणाला दिला नाही म्हणून कोणी येणार नाही, या भरवशावर राहू नका. व्हाइटलिस्ट चालू करा. यादीतली नावं सोडून कोणी आत येत नाही. सर्व्हरच्या सेटिंगच्या फाइलमधलं ‘ऑनलाइन मोड’ ट्रू असतं ते ट्रूच राहू द्या. फुकटची कॉपी असलेल्या मित्रासाठी ते फॉल्स करायला मुलं सांगतात. तसं केलं की नाव तपासलं जात नाही, आणि कोणीही तुमच्या मुलाचंच नाव घेऊन त्याच्या सगळ्या अधिकारांसकट आत येतो. गायझर-फ्लडगेट वापरतानाही हे बंद करावं लागत नाही. ऑपरेटरचे अधिकार एकालाच द्या, शक्यतो मोठ्या माणसाला. कोअरप्रोटेक्ट नावाचं प्लगइन कोणी कुठला ब्लॉक फोडला त्याची नोंद ठेवतं आणि तेवढाच भाग पूर्ववत करून देतं. त्यामुळे ‘मी नाही केलं’ हा विषय लवकर संपतो. सर्व्हर अपडेट ठेवा. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजे या नोंदी ठेवणाऱ्या भागातलं भोक उघडकीला आलं, तेव्हा चॅटमध्ये एक ओळ टाकून सर्व्हरचा ताबा घेता येत होता.

नियमांबद्दल थोडक्यात. मेल्यावर सामान हरवू नये यासाठी ‘कीप इन्व्हेंटरी’ चालू करा, लहानगा रडत नाही. रात्र सरायला सगळ्यांनी झोपावं लागू नये म्हणून झोपणाऱ्यांची टक्केवारी कमी करा.

आता विकत घ्यायचं. संगणक सांभाळायची कोणाची तयारी नसेल, आणि तुमच्या वर्णनावरून तशी दिसत नाही, तर रेल्म्स घ्या. माइनक्राफ्ट बनवणाऱ्या मोयांगची स्वतःची सेवा, महिन्याचं भाडं, जग त्यांच्याकडे सतत चालू, बॅकअप त्यांचा, आणि आत फक्त बोलावलेली मंडळी. पैसे एकानेच भरायचे. मोठ्या योजनेत मालकाशिवाय आणखी दहा जण एका वेळी खेळू शकतात. जावाचं रेल्म वेगळं आणि बेडरॉकचं वेगळं आहे, घेताना बेडरॉकचंच निवडा. एटर्नॉससारखे मोफत सर्व्हरही आहेत आणि सुरुवातीला करून बघायला वाईट नाहीत, पण रांगेत थांबावं लागतं आणि कोणी खेळत नसलं की ते झोपतात. दुसरीकडून भाड्याने घेतलात तर जागा मुंबईची मागा. गोव्याहून मुंबईला जाऊन-येऊन वीस-तीस मिलिसेकंद लागतात, युरोपला सहज दीडशेच्या आसपास. दीडशेवर फोडलेला ब्लॉक क्षणभर परत उभा राहतो आणि मुलं माउस आपटतात.

पैसे भरण्याआधी पुण्याच्या पुतण्याला एक विचारा, तो कशावर खेळतो? प्लेस्टेशन किंवा स्विच असेल, तर ऑनलाइन खेळायला त्या कंपनीचं वेगळं सदस्यत्व लागतं, आणि तिथे हवा तो सर्व्हर पत्ता टाकून जोडायची सोयच दिलेली नाही. त्याला तुमच्यात आणायचे सरळ मार्ग दोनच: कोणाच्या तरी जगात मित्र म्हणून, किंवा रेल्मवर. तो लॅपटॉपवर असेल तर पंधरा-वीस दिवस नुसतं बेडरॉकवर मित्रांच्या जगात खेळू द्या, आणि ‘तू बंद का केलंस’ची भांडणं किती होतात ते बघून मग रेल्मचं ठरवा.